दोन ठोके, थांबून एक

सात वर्षं मी साबणाच्या रिकाम्या खोक्यात स्वतःचं नाव लिहायचा सराव केला. खोकं बंद करायचं, वर बोटभर फट ठेवायची, त्या फटीतून सायकलची वाकवलेली स्पोक आत सरकवायची आणि स्पोकच्या टोकाला दोऱ्यानं बांधलेल्या पेन्सिलीच्या तुकड्यानं खोक्याच्या बुडावर लिहायचं. मग खोकं फाडून बघायचं. पहिल्या वर्षी माझं नाव मेलेल्या झुरळासारखं दिसायचं. बायको ते तुकडे केरात टाकताना विचारायची, "कारखान्यात तीस वर्षं सह्या केल्या, तेवढ्यानं पोट नाई भरलं का?"

नव्हतं भरलं. बल्लारपूरच्या कागद कारखान्यातून फिटर म्हणून निवृत्त झालो आणि महिन्याभरात घरातल्या सगळ्यांशी भांडून झालं. शेजाऱ्यांशीही झालं. मग पोंभुर्ण्याच्या अलीकडच्या एका गावात व्हायोलिन बनवणारा म्हातारा सुतार आहे असं कळलं, आणि दर रविवारी मोटारसायकल काढून तिकडे जाऊ लागलो. आमच्या जंगलात व्हायोलिन कोण बनवतो, असं पुण्या-नागपूरचे नातेवाईक हसत विचारतात. म्हाताऱ्याच्या बापानं हे काम सिरोंच्याला एका तेलुगू कारागिराकडे शिकून आणलं होतं. नदीपलीकडच्या तेलुगू गावांतून आजही गिऱ्हाईक येतं, शिवाय झाडीपट्टीतल्या एखाद्या नाटक कंपनीचं जुनं व्हायोलिन दुरुस्तीला पडलेलं असतंच. सगळं गाव त्यांना मिस्त्रीभाऊ म्हणायचं, म्हणून मीही म्हणायचो. ते मला पेपरमिल म्हणायचे. "आली का पेपरमिल? बसा, भोंगा वाजवू नका."

त्यांच्याकडे एक रीत होती. व्हायोलिनच्या अंगावर ज्या दोन वाकड्या फटी असतात त्यांना ते कान म्हणत. वाद्य पूर्ण झालं, वाजलं, पसंत पडलं, की त्या कानातून पेन्सिल बांधलेली तार घालून आत बनवणाऱ्याचं नाव लिहायचं. आधी लिहायचं नाही, कारण बिनआवाजाच्या खोक्यावर नाव घालणं म्हणजे पोर जन्मायच्या आधी बारसं करणं. शिकणाऱ्यानं तर मिस्त्रीभाऊ "लिव" म्हणेपर्यंत तारेला हात लावायचा नाही. मी सात वर्षांत चार व्हायोलिनं केली. चारही वेळा त्यांनी तारांवर गज फिरवला, स्वतःचा कान जवळ नेला आणि म्हणाले, "चांगलं आहे. लटकवून दे." चारही अजून माझ्या घरात लटकलेली आहेत, आतून कोरी.

मला ते "लिव" ऐकायचं होतं. आयुष्यात एवढं दुसरं काही हवंसं वाटल्याचं आठवत नाही, हे बायकोच्या देखत बोलता येत नाही इतकंच.

लाकूड आम्ही शिवणीचं वापरायचो. शिवण हलकी असते, पाण्याला घाबरत नाही, सहसा वाकत नाही. मिस्त्रीभाऊ ती फळ्यांत कापून गावच्या तलावातल्या गाळात दोन-तीन वर्षं बुडवून ठेवत, म्हणजे लाकडातला चीक निघून जातो आणि पुढे कीड लागत नाही. जिथे फळ्या पुरल्या तिथे गाळात एक बांबू उभा करायचा आणि त्याला जुन्या लुंगीची चिंधी बांधायची. उन्हाळ्यात पाणी उतरलं की बांबू दिसतो, फळ्या काढायच्या, मग वर्षभर चुलीवरच्या माळ्यावर सुकवायच्या.

माझ्या पाचव्या वर्षीच्या उन्हाळ्यात मिस्त्रीभाऊंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं. डोळ्यावर हिरवी पट्टी बांधून ते ओसरीत बसले होते आणि म्हणाले, "पेपरमिल, या साली तुम्हीच फळ्या काढून आणा." तलावात गाळ काढायचं मशीन आलं होतं. पाणी पार तळाला गेलेलं, चिखलाला भेगा, आणि तलावाच्या मधोमध वाकलेला एक बांबू. त्याच्या टोकाला चिखलानं माखलेलं काहीतरी लोंबत होतं. मी चिंधी समजलो. मशीनवाला परमुलखातला होता, चांगला माणूस, त्यानं पुढचा दात अलगद लावून खालचं लाकूड वर काढून दिलं. फळ्या चार निघायला हव्या होत्या. निघाला एकच मोठा जाड तुकडा, एका टोकाला तुटलेला, आतून खोलगट, बाहेरून गोलसर. आता कोणीही शहाणा माणूस अशा वेळी थांबून विचार करतो. मी खिशातली पट्टी काढून त्याचा बाक मोजला आणि वहीत लिहिलं, "लाकूड वाकले आहे, बाक बराच." तीस वर्षं मोजमाप करून माणूस किती आंधळा होऊ शकतो याचा तो पुरावा माझ्याकडे अजून आहे, माझ्याच अक्षरात.

काठावरच करवतीनं त्याचे तुकडे केले आणि मोटारसायकलच्या मागे बांधून आणले. मिस्त्रीभाऊंनी डोळ्यावरच्या पट्टीखालून बघत लाकडावर हात फिरवला. बोटाच्या पेरानं ठोकलं. पुन्हा ठोकलं.

"हे मी बुडवलं होतं का?" ते म्हणाले.

"मंग कोणी? तुमच्याच बांबूखालचं आहे."

"माह्या फळ्या पातळ होत्या. चार होत्या."

"भाऊ, तीन वर्षं झाली. तुम्ही विसरून राह्यले."

मला ऊन लागलं होतं, कपड्यांना चिखल होता, आणि खरं सांगायचं तर आपण काही चूक केली असेल हे मला चुकूनही वाटत नव्हतं. मी आवाज चढवला. म्हणालो, ऑपरेशन डोळ्याचं झालं की डोक्याचं? त्यांनी लाकडावरचा हात काढून घेतला. म्हणाले, "असन. विसरलो असन." लाकूड माळ्यावर चढलं.

त्यानंतर त्यांचं काहीतरी बिघडलं. मला ते कळायला फार वेळ लागला. रंधा हातात घेऊन विचारायचे, "हा माह्याच का?" लाख विरघळवताना थांबायचे, स्पिरिट आधी की लाख आधी. ज्या माणसानं उभा जन्म हे केलं, तो माझ्याकडे बघायचा आणि मी मान हलवली की पुढे जायचा. मी बायकोला सांगितलं, म्हातारा विसरभोळा होत चालला. तेव्हा मला थोडं मोठंही वाटलं होतं, हे आता लिहिताना लाज वाटते.

वर्षभरानं लाकूड उतरवलं. वाद्याची पुढची बाजू आणि मागची पाठ, दोन्ही त्याच तुकड्यातून काढल्या. बोटं फिरवायची काळी पट्टी तेंदूच्या गाभ्याची. सगळं नेहमीचंच, एकही माप बदललं नव्हतं. पण लाकूड वेगळं वागत होतं. छिन्नीखाली ते कुरकुरत नव्हतं, आणि कोरता कोरता हातातून सारखा बारीक थरथराट यायचा. कोरताना निघालेल्या चिपट्या सरस वितळवायच्या चुलीत घालत होतो, त्यावरच आमचा चहा व्हायचा. माझ्या हातचं काम म्हणजे बैलगाडीचा वेग, त्यामुळे पुढचा उन्हाळा उजाडला तेव्हा कुठे तारा चढल्या.

मिस्त्रीभाऊंनी गज फिरवला. मी भिंतीकडे बघत होतो, घरी पाचवं लटकवायला खिळा कुठे ठोकायचा याचा विचार करत. एक लांब सूर आला आणि ओसरीतली कोंबडी उठून उभी राहिली, ही अतिशयोक्ती नाही. सूर संपल्यावरही खोक्यात काहीतरी उरत होतं. त्यांनी दुसरा सूर काढला, तिसरा काढला, मग गज खाली ठेवला.

"हे कसं केलं?"

"जसं तुम्ही शिकवलं तसंच."

"नाई. मले नाई येत हे." मग ते म्हणाले, "लिव."

मला रडू आलं. त्यांच्यासमोर नाही, बाहेर मोटारसायकलजवळ जाऊन. पुढच्या रविवारी लिहायचं ठरलं, कारण स्पोक घरीच राहिली होती. पण घरी येऊन वही उघडली आणि माझा पुरता गोंधळ उडाला. पाचही व्हायोलिनांची मापं शेजारी शेजारी मांडली. जाडी तीच, लांबी तीच, लाख तीच. चार मुकी आणि हे एक असं. का? कारखान्यात एखादं मशीन उगाचच चांगलं चालायला लागलं तर आम्ही ते बिघडण्यापेक्षा जास्त धसका घ्यायचो, कारण जे का चालतं ते माहीत नाही, ते का थांबेल हेही माहीत नसतं. दोन दिवस मी जेवताना वहीच बघत होतो. शेवटी ठरवलं, लाकडातच काहीतरी आहे, तलावात अजून तुकडा असेल तर आणावा.

बुधवारीच गेलो. मधल्या उन्हाळ्यात पाणी उतरलं नव्हतं, यंदा पुन्हा तळ दिसत होता. आणि काठालगत, मी खणलं होतं तिथून बऱ्याच अंतरावर, एक सरळ बांबू उभा होता, तेव्हा मशीननं काढलेल्या गाळाच्या ढिगाआड राहिलेला. त्याला लुंगीची चिंधी होती, निळ्या चौकड्यांची. मी हातानंच गाळ उपसला. खाली चार पातळ फळ्या, एकावर एक, नीट रचलेल्या.

मी चिखलात बसून राहिलो. मग मी काढलं ते काय होतं?

तलावाच्या मध्यावर एक म्हातारी बाई पदर खोचून चिखलात काहीतरी शोधत होती. तिच्या हातात जाळ्याचा एक तुकडा होता. ती गावातल्या मासेमारी करणाऱ्या घरातली, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, हे मला ऐकून माहीत होतं. मला बघून ती जवळ आली.

"भाऊ, इथी एक बांबू होता, जाळं बांधलेला. पाह्यला का तुमी?"

"कशाचा बांबू?"

"आमच्या डोंग्याचा. मालक गेले तवा डोंगा इथीच बुडवला. आमच्या घरी डोंगा जाळत नाई, तोडत नाई. ज्या पाण्यानं पोसलं त्यातच ठेवतो. दर साली पाणी उतरलं का बांबूले नवीन जाळं बांधून जातो मी." तिनं चिखलाकडे बघितलं. "मागच्या खेपेले मशीन फिरली, तिनं उखडला असन."

खोलगट तुकडा. होडीचं गोलसर बुड. बाक बराच.

"नाई बाई, नाई पाह्यला," मी म्हणालो.

ती म्हणाली, बरं. आणि पुन्हा चिखल चाचपायला लागली. मी मोटारसायकलला लाथ मारली तेव्हा ती तिथेच वाकलेली होती.

चार दिवस मी काय काय विचार केला ते सांगायला गेलो तर माझाच मला राग येईल. डोंगा तसाही कुजलाच असता. तिला काय कळणार? मशीनवर आळ गेलाच आहे, राहू द्यावा, मशीनला काय त्याचं. आणि "लिव" हा शब्द मिळालाय, तो परत द्यायचा? खाई त्याला खवखवे म्हणतात, पण मला तर घसाच उरला नव्हता. रविवारी मी स्पोक आणि पेन्सिल घेऊन गेलो. मिस्त्रीभाऊंनी व्हायोलिन कोऱ्या धोतराच्या पानावर काढून ठेवलं होतं. ते म्हणाले, "हे माह्यंच धोतर ना?"

तो प्रश्न ऐकला आणि मी सगळं सांगून टाकलं. बांबू, जाळं, चार पातळ फळ्या, डोंगा. तलावावर त्या बाईला खोटं बोललो तेही.

मला वाटलं ते रंधा फेकून मारतील. ते ऐकत राहिले. मग हळूहळू म्हणाले, "चार होत्या?"

"चार."

"पातळ?"

"पातळ."

"म्हंजे मी इसरलो नव्हतो." ते उठले. मांडीवर थाप मारून मोठ्यानं म्हणाले, "माह्यं डोस्कं जाग्यावर आहे!" आतून त्यांची सून बाहेर आली, तिलाही त्यांनी तेच सांगितलं. "अवो, माह्यं डोस्कं जाग्यावर आहे! हा पेपरमिल दोन साल मले पागल करून राह्यला होता!" ते हसत होते आणि डोळे पुसत होते. ऑपरेशनचा डोळा त्यांनी आधी पुसला. मी तिथे उभा होतो आणि मला कळेना, माफी कुठल्या गोष्टीची आधी मागावी.

हसणं संपल्यावर ते कडक झाले. "आत काही लिवू नका. घ्या ते, अन् जा तिच्याकडं."

तिचं घर तलावाच्या पाळीखाली, म्हणजे बांधाच्या पायथ्याशी होतं. अंगण सारवलेलं, भिंतीला जाळी टांगलेली, दाराजवळ मासे न्यायची बांबूची टोपली पालथी घातलेली. मी व्हायोलिन तिच्यासमोर ठेवलं आणि सांगितलं, बाई, तुमचा डोंगा मशीननं नाही नेला, मी नेला. तो हा आहे.

तिनं आधी पदराला हात पुसले. मग उचललं, उलटं केलं, आणि त्या फटीला नाक लावलं.

"तलावाचा वास येते," ती म्हणाली. "बाकीचं लाकूड कुठी आहे?"

"जाळलं. मले माहीत नव्हतं बाई. चिपट्या चुलीत घातल्या."

"काय शिजवलं त्याच्यावर?"

"सरस. अन् चहा."

"चहा कोण पेला?"

"मी. अन् मिस्त्रीभाऊ."

तिनं विचार केला. "बरं. पोटात गेला मंग," ती म्हणाली. ही माफी होती, टोमणा होता की नुसता हिशोब, मला आजही सांगता येणार नाही.

मी म्हणालो, तुम्ही म्हणाल तर हे आजच गाळात नेऊन ठेवतो, जिथून काढलं तिथेच. ती म्हणाली, "आता हे डोंगा थोडीच आहे. हे बुडवून काय करता? वाजते का?" मी वाजवून दाखवलं. मी फार वाईट वाजवतो. तिनं मध्येच हातानं थांबवलं. "हे काऊन रडवून राह्यले त्याले? मालक रडके नव्हते."

मग तिचं लक्ष माझ्या खिशातून डोकावणाऱ्या स्पोककडे गेलं. हे काय, म्हणाली. मी सांगितलं, वाद्य पसंत पडलं की ज्यानं केलं त्याचं नाव आत लिहितात.

"मंग लिवलं का?"

"नाई. मिस्त्रीभाऊ नाई म्हणाले."

"बरोबर म्हणाले. ज्याचा डोंगा त्याचं लिवा."

मी म्हणालो, हो, लिहितो. आणि तेव्हा माझ्या ध्यानात आलं की मला त्या माणसाचं नावच माहीत नाही. गाव त्यांना डोंगेवाले म्हणायचं. मी विचारलं, बाई, मालकाचं नाव काय?

तिनं पदर तोंडाला लावला. सत्तरीची बाई, आणि गालावर लाज. "मी कशी घेऊ नाव? लग्नातला उखाणा सोडला तं कधी घेतलं नाई. त्याईनं माह्यं नाई घेतलं."

"मंग एकमेकाले बोलावत कसे होते?"

तिनं व्हायोलिन मांडीवर पालथं घेतलं, मागची पाठ वर. म्हणाली, मासोळ्या जाळ्यात हाकलायला डोंग्याचं अंग काठीनं बडवतात, सकाळभर, रोज. तसे तेही बडवायचे. त्यांच्या हाताला डोंगा ठोकायचीच सवय. मग काठाशी आले की हाक मारायची नाही, नाव घ्यायचं नाही, डोंग्यावरच ठोकायचं. तिनं बोटाच्या पेरांनी पाठीवर ठोकलं. दोन ठोके, थांबून एक. "हे ऐकलं का मी टोपली घेऊन निघत होतो."

आवाज अंगणभर राहिला. ज्या लाकडाला माणसानं जन्मभर रोज ठोकलं, ते माझ्या वहीतल्या कुठल्या रकान्यात बसणार होतं? त्यामुळेच ते तसं वाजतं, असं मी म्हणत नाही. मला माहीत नाही. मिस्त्रीभाऊंनाही माहीत नाही.

मी खाली बसलो. स्पोक कानातून आत घातली. सात वर्षं नावाचा सराव केला होता, आणि आता नाव लिहायचंच नव्हतं. दोन उभ्या रेघा काढल्या. जागा सोडली. मग एक रेघ.

"लिवलं?" तिनं विचारलं.

"लिवलं."

"मले वाचता येत नाई. वाचून दाखवा."

मी व्हायोलिन पालथं घेतलं आणि पाठीवर ठोकलं. दोन ठोके, थांबून एक.

ती उठली. दाराजवळ गेली, वाकली, टोपली सरळ करून कमरेवर घेतली आणि पाळीच्या दिशेनं चार पावलं चालली. मग थांबली. मी व्हायोलिन मांडीवर धरून बसलो होतो आणि मला कळत नव्हतं, पुन्हा ठोकावं की तिला हाक मारावी, आणि मारायची तर कोणत्या नावानं.